ज्येष्ठ नक्की कोण? देवरीच्या शाळेपासून दिल्लीच्या कोर्टापर्यंत गेलेला बढतीचा तिढा

समजा, देवरी तालुक्यात चिचगडकडे जाणाऱ्या रस्त्यावर जिल्हा परिषदेची एक दोनशिक्षकी शाळा आहे. तिथले गुरुजी २००३ साली शिक्षणसेवक म्हणून लागले. त्यांच्यासोबतच्या मॅडम २०१९ साली पवित्र पोर्टलवरून निवड होऊन आल्या. दोघांत सीनियर कोण, असं गावात कुणालाही विचारलं तर उत्तर एकच येईल.

आता प्रश्न थोडा बदलून विचारा. उद्या तालुक्यात मुख्याध्यापकाची किंवा पदवीधर शिक्षकाची जागा निघाली, तर ती कुणाला मिळेल? याचं उत्तर १ सप्टेंबर २०२५ पासून बदललं आहे. मॅडम टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा पास आहेत. गुरुजी नाहीत, कारण ते नोकरीला लागले तेव्हा ही परीक्षाच नव्हती. ज्येष्ठता यादीत गुरुजींचं नाव वरच राहील. पण पदवी, अनुभव वगैरे बाकीच्या अटी मॅडम पूर्ण करत असतील, तर बढतीचं पत्र गुरुजींना ओलांडून त्यांच्याकडे जाऊ शकतं.

ही शाळा आणि हे दोघं उदाहरणापुरते. तिढा मात्र खरा आहे आणि तो फक्त शिक्षकांचा नाही. सरकारी नोकरीत 'ज्येष्ठता' म्हणजे किती वर्षं काम केलं हे नव्हे. ज्येष्ठता म्हणजे एक तारीख, आणि कोणती तारीख धरायची हे नियम ठरवतो. नियम बदलला की तारीख बदलते, तारीख बदलली की यादीतला नंबर बदलतो, आणि नंबर बदलला की कुणीतरी कोर्टात जातं. निकाल लागेपर्यंत वर्षं जातात. तोपर्यंत देवरीसारख्या तालुक्यात त्या खुर्चीवर 'प्रभारी' बसलेला असतो.

सुप्रीम कोर्टाने टीईटीबद्दल काय म्हटलं?

हा खटला महाराष्ट्रातूनच गेला होता. अंजुमन इशाअत-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र शासन हे त्याचं नाव. त्याच्यासोबत तामिळनाडूतली प्रकरणंही जोडलेली होती आणि तिथला एक प्रश्न थेट हाच होता : आधीपासून नोकरीत असलेल्या शिक्षकाला बढतीसाठी टीईटी लागते का?

न्यायमूर्ती दीपांकर दत्ता आणि न्यायमूर्ती मनमोहन यांच्या खंडपीठाने 'लागते' असं उत्तर दिलं. शिक्षण हक्क कायदा २००९ चा आहे. त्याच्या कलम २३ नुसार शिक्षकाची किमान पात्रता राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषद ठरवते, आणि परिषदेने २३ ऑगस्ट २०१० च्या अधिसूचनेत टीईटी त्या पात्रतेचा भाग केली. महाराष्ट्रात पहिली टीईटी डिसेंबर २०१३ मध्ये झाली. त्याआधी लागलेल्या शिक्षकांना आजवर वाटत होतं की हे सगळं नव्या उमेदवारांपुरतं आहे. कोर्टाने तसं मानलं नाही.

मात्र हजारो जणांची नोकरी एका फटक्यात जाईल हे ओळखून कोर्टाने घटनेच्या कलम १४२ खालचा आपला विशेष अधिकार वापरला आणि दोन गट केले. ज्यांच्या निवृत्तीला निकालाच्या दिवशी पाच वर्षांपेक्षा जास्त अवधी आहे, त्यांनी दोन वर्षांत टीईटी पास व्हायची. न झाल्यास नोकरी सोडावी लागेल किंवा सक्तीने निवृत्त केलं जाईल. नियमाप्रमाणे निवृत्तीचे लाभ मिळतील. ज्यांची पाच वर्षांपेक्षा कमी नोकरी उरली आहे, त्यांना परीक्षेशिवाय निवृत्तीपर्यंत राहता येईल. पण बढती मात्र मिळणार नाही. अल्पसंख्याक संस्थांच्या शाळांना हे लागू होतं का, हा प्रश्न मोठ्या खंडपीठाकडे सोपवला गेला.

यातला दुसरा गट बातम्यांत फारसा दिसला नाही. नोकरी वाचली म्हणून तो सुटला असं सगळ्यांनी धरलं. पण प्राथमिक शिक्षकाच्या आयुष्यात मुख्याध्यापक किंवा केंद्रप्रमुख व्हायची वेळ बहुतेकदा याच शेवटच्या चार-पाच वर्षांत येते. जुनी पेन्शन असलेल्यांचं निवृत्तिवेतन शेवटच्या पगारावर ठरतं. म्हणजे शेवटच्या दोन वर्षांतली बढती पुढची वीस वर्षं दर महिन्याला दिसते. ५५ वर्षांच्या शिक्षकाला 'परीक्षा नको तर देऊ नका' असं सांगणं ऐकायला सवलत वाटते. त्याच्यासाठी तो हिशेब आहे.

टीईटीच्या दोन पेपरांचाही पेच आहे. पहिली ते पाचवीसाठी पेपर एक, सहावी ते आठवीसाठी पेपर दोन. खालच्या वर्गांना शिकवणाऱ्याला सहावी-सातवीचा पदवीधर शिक्षक व्हायचं असेल, तर त्याने कोणता पेपर दिलाय याला महत्त्व येतं. पास व्हायला खुल्या प्रवर्गाला ६० टक्के म्हणजे १५० पैकी ९० गुण लागतात, मागास प्रवर्गांना ५५ टक्के. २३ नोव्हेंबर २०२५ ला राज्यात टीईटी झाली तेव्हा परीक्षा केंद्रांवर नव्या उमेदवारांच्या रांगेत पन्नाशीतले गुरुजीही होते. पाठोपाठ ५ डिसेंबरला शिक्षक संघटनांनी शाळा बंद ठेवून मोर्चे काढले.

शिक्षकांच्या रागाला आणखी एक किनार आहे. गुणवत्तेचा पुरावा म्हणून हीच परीक्षा मागितली जातेय, आणि २०१९-२० च्या टीईटीत गैरव्यवहार उघड होऊन साडेसात हजारांहून जास्त उमेदवारांवर कारवाई झाली होती. याचा अर्थ परीक्षा नको असा होत नाही. पण वीस वर्षं वर्ग सांभाळलेल्या माणसाला हा युक्तिवाद का पटत नाही, ते समजतं.

मुळात जागा किती?

बढतीवरून एवढं रान का पेटतं, हे जागा मोजल्या की कळतं. शिक्षण हक्क कायद्याच्या परिशिष्टानुसार पहिली ते पाचवीच्या शाळेत १५० पेक्षा जास्त मुलं असतील तरच स्वतंत्र मुख्याध्यापक मिळतो. जंगलालगतच्या, टोल्या-पाड्यांच्या तालुक्यात अशा शाळा मोजक्याच. बाकी ठिकाणी शाळेतला ज्येष्ठ शिक्षकच मुख्याध्यापकाचं काम करतो : शालेय पोषण आहाराचा हिशेब, यू-डायसची माहिती, शाळा व्यवस्थापन समितीच्या बैठका. पद आणि पगार शिक्षकाचाच.

त्याच्या वरची पायरी केंद्रप्रमुखाची. साधारण दहा शाळांचं एक केंद्र. राज्यात ही पदं ४,८६०. ती कशी भरायची याचे नियम कितीदा बदलले ते पाहण्यासारखं आहे. आधी सरळसेवा, विभागीय परीक्षा आणि बढती असे तीन वाटे होते. १ डिसेंबर २०२२ च्या शासन निर्णयाने निम्मी पदं ज्येष्ठतेने आणि निम्मी मर्यादित विभागीय परीक्षेने भरायचं ठरलं. त्यानुसार २०२३ मध्ये २,३८४ पदांसाठी परीक्षा जाहीर झाली, पात्रतेच्या अटींवरून वाद झाले आणि परीक्षा पुढे गेली. केंद्रांचं काम थांबत नाही. ते शेजारच्या केंद्रप्रमुखाकडे अतिरिक्त म्हणून जातं किंवा एखाद्या पदवीधर शिक्षकाला वर्गातून उठवून दिलं जातं. दोनशिक्षकी शाळेतला एक शिक्षक 'प्रभारी' झाला की चार वर्ग एकाच शिक्षकाच्या गळ्यात पडतात. कोर्टातल्या तारखेचा मुलांशी संबंध येतो तो असा.

बढती देता येत नाही म्हणून सरकारने पैशांचा पर्याय काढलेला आहे. कारकून, ग्रामसेवक वगैरेंना आश्वासित प्रगती योजनेत १०, २० आणि ३० वर्षांनी वरची वेतनश्रेणी. शिक्षकांना १२ वर्षांनी वरिष्ठ आणि २४ वर्षांनी निवड श्रेणी. त्याने पगाराची कोंडी थोडी फुटते, पदाची फुटत नाही.

यादी कशी बनते आणि कुठे बिघडते?

दरवर्षी १ जानेवारीची स्थिती धरून प्रत्येक संवर्गाची ज्येष्ठता यादी काढायची असते. आधी तात्पुरती यादी, मग हरकती, मग अंतिम यादी. सरळसेवेच्या एकाच भरतीत लागलेल्यांमध्ये निवड यादीतला गुणानुक्रम बघतात. कागदावर हे एवढं सोपं आहे.

अडचण येते ती एकाच खुर्चीवर दोन दारांतून माणसं आली की. एक परीक्षा देऊन थेट आलेला, दुसरा खालून बढतीने चढलेला. यातलं ज्येष्ठ कोण, हा देशभराचा प्रश्न महाराष्ट्राच्याच उपअभियंत्यांनी सुप्रीम कोर्टात नेला होता. राज्याचे जुने नियम थेट भरती झालेल्यांना झुकतं माप देणारे होते. बढतीने आलेला अभियंता वर्षानुवर्षं उपअभियंत्याचं काम करायचा, पण तो त्या पदावर 'कायम' कधी झाला यावर त्याची ज्येष्ठता ठरायची. कायम करणं तर सरकारच्या मर्जीवर. १९७७ साली एस. बी. पटवर्धन खटल्यात न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी ही पद्धत मोडीत काढली.

त्यावर पुन्हा नियम झाले, पुन्हा याचिका झाल्या. शेवटी मे १९९० मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने डायरेक्ट रिक्रूट क्लास टू इंजिनिअरिंग ऑफिसर्स असोसिएशन विरुद्ध महाराष्ट्र शासन या प्रकरणात सूत्र घालून दिलं. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून धरायची, कायम केल्याच्या दिवसापासून नाही. तात्पुरती, नियम डावलून केलेली सोय असेल तर तो काळ धरायचा नाही. आणि नेमणूक नियमाप्रमाणे नसली तरी माणूस खंड न पडता काम करत राहिला आणि पुढे नियमित झाला, तर मधली सेवा मोजायची. देशातल्या कुठल्याही सेवेतला ज्येष्ठतेचा वाद आजही या सूत्रापाशी येऊन थांबतो.

देवरीतल्या 'प्रभारी'ला यातून काय मिळतं? बहुतेकदा काही नाही. प्रभार म्हणजे नेमणूक नाही. तीन वर्षं केंद्रप्रमुखाचं काम केलं तरी ज्येष्ठता यादीत त्याची नोंद होत नाही. पुढे रीतसर बढती मिळाली तर ती त्या दिवसापासून. उलट, हक्काची बढती प्रशासनाच्या चुकीने राहून गेली असेल तर 'मानीव दिनांक' मागता येतो, म्हणजे 'अमुक तारखेला मला बढती मिळायला हवी होती, ती तारीख धरा' अशी मागणी. सरकारी कर्मचाऱ्यांच्या अर्जांत या दोन शब्दांभोवती फाईलच्या फाईल फिरतात. मानीव दिनांक मिळाला तरी मधल्या काळाचा फरक रोखीने मिळेलच असं नसतं.

एक गोष्ट मात्र कोर्टांनी पुन्हा पुन्हा स्पष्ट केली आहे. बढती मिळणं हा मूलभूत हक्क नाही. नियमात बसत असाल तर बढतीसाठी तुमचा विचार होणं, हा हक्क आहे.

देवरी सोडली की नंबर शून्य

जिल्हा परिषदेच्या शिक्षकाची ज्येष्ठता जिल्ह्यापुरती असते. मराठवाड्यातला किंवा पश्चिम महाराष्ट्रातला तरुण गोंदिया जिल्ह्यात लागला, दहा-बारा वर्षं देवरी, सालेकसा भागात राहिला आणि आंतरजिल्हा बदलीने घरी परतला, तर नव्या जिल्ह्यात तो यादीच्या शेवटी जातो. ज्येष्ठता तिथे हजर झाल्याच्या तारखेपासून. पगार टिकतो, पेन्शनसाठी सेवा धरली जाते, नंबर मात्र जातो. त्याच्यानंतर पाच वर्षांनी लागलेला स्थानिक शिक्षक त्याच्या वर असतो.

कोर्टांनी हे योग्य ठरवलं आहे. स्वतःच्या विनंतीने बदली घेतली तर तिथल्या लोकांच्या डोक्यावर बसता येणार नाही, हे तत्त्व सुप्रीम कोर्टाने २००६ मध्ये केरळच्या के. पी. सुधाकरन प्रकरणात मांडलं आणि मार्च २०२५ मध्ये कर्नाटकातल्या एका परिचारिकेच्या प्रकरणात पुन्हा सांगितलं. तिथे बदलीचं कारण आजारपण होतं. तरीही विनंती ती विनंतीच, असं कोर्ट म्हणालं. तर्क बरोबर आहे. पण आई-वडील आठशे किलोमीटरवर असलेल्या माणसाला तो घर आणि बढती यांतलं एकच निवडायला लावतो, आणि तो घर निवडतो. दुर्गम तालुक्यात अनुभवी माणूस टिकत नाही याचं हे एकमेव कारण नाही, पण एक कारण नक्की आहे.

माणसं टिकावीत म्हणून सरकारने दुसऱ्या बाजूने प्रयत्न केला. ६ ऑगस्ट २००२ च्या शासन निर्णयाने आदिवासी आणि नक्षलग्रस्त भागात काम करणाऱ्यांना, तिथे असेपर्यंत, वरच्या पदाची वेतनश्रेणी देऊ केली. गोंदिया-गडचिरोलीत सगळे तिला 'एकस्तर' म्हणतात. तिच्या पूर्ण नावात 'पदोन्नती' हा शब्द आहे, पण पद नाही आणि ज्येष्ठताही नाही. भाग सोडला की पगार मूळ श्रेणीवर उतरतो. हा लाभ वरिष्ठ श्रेणी घेतलेल्या शिक्षकाला मिळतो का, चुकून जास्त दिला असेल तर वसूल करता येतो का, यावरून स्वतंत्र वाद झाले. वसुलीपुरता दिलासा सुप्रीम कोर्टाच्या डिसेंबर २०१४ च्या रफिक मसीह निकालात आहे : वर्ग तीन व चारचे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम मिळत आलेले, अशांकडून वसुली करू नये.

२५ मे २००४ : तारीख जी हलत नाही

महाराष्ट्रात बढतीचा सगळ्यात मोठा वाद आरक्षणाचा आहे. देवरीत त्याचं वजन जास्त आहे. हा आदिवासी तालुका आहे, एकात्मिक आदिवासी विकास प्रकल्पाचं कार्यालय इथे आहे आणि हा भाग ज्या आमगाव विधानसभा मतदारसंघात येतो तो अनुसूचित जमातींसाठी राखीव आहे. इथल्या अनेक घरांतली पहिली सरकारी नोकरी राखीव जागेवरची आहे.

राज्याचा आरक्षण कायदा २००१ चा. तो २९ जानेवारी २००४ पासून लागू झाला. त्याखाली २५ मे २००४ ला शासन निर्णय निघाला आणि बढतीत ३३ टक्के आरक्षण आलं : अनुसूचित जाती १३, अनुसूचित जमाती ७, विमुक्त व भटक्या जमाती ११, विशेष मागास प्रवर्ग २. सरळसेवेत १९ टक्के असलेल्या ओबीसींना बढतीत आरक्षण नव्हतं.

त्याला आव्हान मिळालं. नोव्हेंबर २०१४ मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने, म्हणजे मॅटने, याचिकाकर्त्यांच्या बाजूने निकाल दिला. ४ ऑगस्ट २०१७ ला मुंबई हायकोर्टाने विजय घोगरे प्रकरणात २५ मे २००४ चा शासन निर्णय रद्द केला. मुख्य अडचण अशी की २००६ च्या एम. नागराज निकालाने बढतीत आरक्षण देण्याआधी राज्याने आकडेवारी गोळा करावी अशी अट घातली होती, आणि राज्याकडे ती मोजदाद नव्हती. शिवाय घटनेचं कलम १६(४-क) बढतीतल्या आरक्षणाबद्दल बोलताना फक्त अनुसूचित जाती-जमातींचं नाव घेतं. राज्याच्या ३३ टक्क्यांत १३ टक्के त्यापलीकडचे होते.

राज्य सुप्रीम कोर्टात गेलं. ती विशेष अनुमती याचिका क्रमांक २८३०६/२०१७. सरकारी कर्मचाऱ्यांना हा क्रमांक पाठ असतो, कारण त्यानंतर निघालेल्या बढतीच्या आदेशांत 'याचिकेच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून' हे शब्द ठरलेले असतात. २०१७ च्या डिसेंबरपासून आधी फक्त खुल्या जागा भरल्या गेल्या, राखीव जागा रिकाम्या राहिल्या. मग २०२१ मध्ये तीन महिन्यांत आदेश उलटसुलट झाले आणि ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने सगळ्याच जागा ज्येष्ठतेने भरायचं ठरवलं. कोणती ज्येष्ठता? २५ मे २००४ ची. त्या दिवसापर्यंत सेवेत असलेल्यांची त्या दिवशीची स्थिती. नंतर लागलेल्यांची नोकरीत आल्याची मूळ तारीख.

याचा प्रत्यक्ष अर्थ समजून घ्यायला एक उदाहरण पुरे. २००६ साली एका कार्यालयात दोन कारकून लागले. निवड यादीत खुल्या प्रवर्गातला वर, अनुसूचित जमातीचा खाली. २०१३ मध्ये राखीव बिंदूवर आदिवासी कारकून आधी वरिष्ठ झाला. खुल्यातला २०१७ मध्ये. घटनेच्या ८५ व्या दुरुस्तीने २००१ मध्ये असं म्हटलं होतं की आरक्षणातून आधी वर गेलेल्याला त्या पदावरची ज्येष्ठताही मिळू शकते. त्या हिशेबाने पुढच्या बढतीला आदिवासी कर्मचारी चार वर्षांनी ज्येष्ठ. ७ मे २०२१ च्या हिशेबाने पुन्हा २००६ ची यादी उघडायची आणि तो खाली. मधली चार वर्षं त्याने वरच्या खुर्चीवर काम केलं, तरी. खुल्या प्रवर्गातल्याच्या बाजूने पाहिलं तर २००६ ला वर असूनही चार वर्षं तो कनिष्ठाच्या हाताखाली होता, आणि आता कुठे त्याचा नंबर परत आला. दोघांच्याही मनात अन्याय झाल्याची पक्की भावना आहे आणि दोघांच्याही हातात सरकारचाच कागद आहे.

सुप्रीम कोर्टाने तत्त्वाचे प्रश्न बरेचसे सोडवले आहेत. २०१८ च्या जर्नेल सिंग निकालाने अनुसूचित जाती-जमातींचं मागासलेपण आकड्यांनी सिद्ध करायची गरज काढून टाकली. त्याच प्रकरणात २८ जानेवारी २०२२ ला कोर्टाने सांगितलं की प्रतिनिधित्व पुरेसं आहे की नाही, हे संवर्गनिहाय मोजा आणि ते मोजायचं काम राज्याचं. म्हणजे लिपिकांचा संवर्ग वेगळा, विस्तार अधिकाऱ्यांचा वेगळा. प्रत्येक पदाच्या पातळीवर किती आदिवासी कर्मचारी आहेत याचा हिशेब लागतो. तो आकडा कोर्टाला देणं हे कुठल्याही घटनात्मक कूटप्रश्नाइतकं अवघड नाही. ते कार्यालयीन काम आहे, आणि बढतीचा वाद वर्षानुवर्षं लांबण्याचं मोठं कारण या साध्या कामातच सापडतं.

दाद मागायची कुठे?

एकाच गावात शिकवणाऱ्या तीन शिक्षकांना कोर्टाची तीन वेगळी दारं आहेत, आणि चुकीच्या दारात गेलं की वर्ष-दोन वर्षं वाया जातात.

शासकीय आश्रमशाळेतला शिक्षक राज्य सरकारचा कर्मचारी. तो नागपूरच्या मॅटमध्ये जातो. त्याआधी खात्यात अर्ज करून दाद मागितलेली असावी लागते. त्यावर अंतिम आदेश आल्यापासून एक वर्षात मॅटमध्ये जायचं. खात्याने उत्तरच दिलं नाही तर सहा महिने वाट पाहून मग ते वर्ष मोजायचं. मॅटचा निकाल पटला नाही तर हायकोर्ट, हा मार्ग १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून खुला आहे.

जिल्हा परिषदेचा शिक्षक मॅटच्या कक्षेत येत नाही. प्रशासनाकडे दाद मागून झाली की त्याला थेट हायकोर्टाचं नागपूर खंडपीठ गाठावं लागतं.

खासगी अनुदानित शाळेतल्या शिक्षकासाठी शाळा न्यायाधिकरण आहे. १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम ९ मध्ये बडतर्फीसोबतच 'बढतीत डावलणं' हेही अपिलाचं कारण म्हणून लिहिलेलं आहे. मुदत ३० दिवसांची. संस्थाचालकांशी बोलून बघू, पुढच्या वर्षी होईल, असं म्हणत बसलेल्यांची ही मुदत हमखास निघून जाते.

मुदतीचा मुद्दा तिन्ही दारांत निर्णायक ठरतो. २०१० च्या शिबा शंकर महापात्रा निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की ज्येष्ठता यादीला तीन-चार वर्षांच्या आत आव्हान द्यावं. वर्षानुवर्षं स्थिरावलेली यादी नंतर हलवता येणार नाही. यादीतली चूक बऱ्याच जणांना बढतीच्या वेळी, दहा-पंधरा वर्षांनी समजते, कारण तात्पुरती यादी पंचायत समितीत आली तेव्हा शाळेपर्यंत ती कुणी पोहोचवलेली नसते. आता या याद्या व्हॉट्सअ‍ॅपच्या केंद्र ग्रुपवर पीडीएफ म्हणून येतात. त्यात जन्मतारीख, रुजू दिनांक, प्रवर्ग, पदवी आणि आता टीईटीचा रकाना तपासायचा आणि चूक असेल तर दिलेल्या मुदतीत लेखी हरकत देऊन पोच घ्यायची. पुढे प्रकरण कोर्टात गेलं तर पहिला प्रश्न हाच येतो : यादी आली तेव्हा तुम्ही काय केलं?

सुरुवातीच्या उदाहरणातल्या गुरुजींसमोर आता दोन मुदती आहेत. पुढची तात्पुरती यादी आली की तिच्या हरकतीची, आणि सुप्रीम कोर्टाने दिलेल्या दोन वर्षांची. दुसरी ऑगस्ट २०२७ च्या अखेरीस संपते.